हिंदीत डब झालेले इंग्रजी मारधाडपट: खेड्यावर ते कशामुळं चालतात (अनुभव धागा)

खेड्यावर 'इंग्लिश पिक्चर' म्हटलं की तो हिंदीतलाच समजायचा. खरोखर इंग्रजीत असला तर त्याला 'ओरिजनल इंग्लिश' असं वेगळं नाव आहे, आणि तो कोणी मागत नाही. १९९४ साली ज्युरासिक पार्क हिंदीत आला आणि या मालाला मोठं गिऱ्हाईक आहे हे मुंबईला कळलं. आपल्याकडे जत्रेच्या तंबूत, व्हिडिओवर, केबलवर, मेमरी कार्डात आणि आता मोबाइलवर तो तेव्हापासून चालूच आहे.

'मारामारीला भाषा लागत नाही' हे नेहमीचं उत्तर मला अर्धंच पटतं. लागत नसती तर डब कशाला केले असते? माझं म्हणणं असं की हे सिनेमे निम्मे कानानं पाहिले जातात, आणि आवाज बिघडला की स्फोट कितीही मोठा असो, पब्लिक उठतं. पटत असेल-नसेल ते सांगा. पण बालपणीच्या आठवणी, पहिला पिक्चर, मामाची सायकल हे सगळं दुसऱ्या धाग्यावर. इथं ज्यांनी मशीन चालवलं, संवाद लिहिले, केबल ओढली, पडदा बांधला, त्यांनी काम कसं होतं आणि कुठं बिघडतं तेवढंच लिहावं. आकडे असतील तर उत्तम.

दारव्हा बाजू, जुना मशीन ऑपरेटर

रिळाच्या हिशोबानं सांगतो. ३५ एमएमची फिल्म सेकंदाला २४ चौकटी पळते, म्हणजे मिनिटाला ९० फूट. दोन हजार फुटांचं रीळ २२ मिनिटांत संपतं. तीन तासांचा हिंदी सिनेमा १६ हजार फुटांच्या वर जातो, आठ-नऊ रिळं. दोन तासांचा डब सिनेमा पावणेअकरा हजार फूट, सहा रिळांत आटोपला. पेटी हलकी, चढ-उतार कमी. जत्रेत एका रात्रीत हिंदीचे दोन खेळ बसतात तिथं याचे तीन बसतात. तंबूवाल्याची आवड इथून सुरू होते, पब्लिकची नंतर. आपल्या सीपी-बेरार सर्किटचं, म्हणजे विदर्भाकडच्या सिनेमा-वितरणाच्या विभागाचं, काम अमरावतीहून चालायचं, आणि तिथं पेटी निवडताना हाच हिशोब मनात असायचा.

बिघाड पहिला: लेन्स. स्कोपच्या, म्हणजे रुंद पडद्याच्या, प्रिंटमध्ये चित्र आडवं दाबलेलं असतं, ते उलगडायला वेगळी लेन्स लागते. साध्या लेन्सवर ती प्रिंट चढवली की सगळे पैलवान काडीसारखे उंच. डब्यावर काय लिहिलंय त्यावर विश्वास ठेवायचा नाही. लीडर, म्हणजे रिळाच्या सुरुवातीची बिनचित्राची पट्टी, संपल्यावर एखादी चौकट उजेडात धरून गोल वस्तू शोधायची: गाडीचं चाक, घड्याळ, चंद्र. उभट अंडं दिसलं तर स्कोप, गोल दिसलं तर साधी. इंग्रजी सिनेमात गाड्या भरपूर, चाक लगेच सापडतं.

दुसरा बिघाड: लूप. आवाजाची पट्टी चित्राच्या २०-२१ चौकटी पुढं छापलेली असते. चित्राच्या खिडकीत फिल्म झटक्याझटक्यानं थांबते, आवाजाच्या ड्रमवर मात्र ती अखंड सरकावी लागते, म्हणून दोन्ही जागा लांब ठेवलेल्या. त्यांच्यामधला लूप, म्हणजे फिल्मचा सैल वळसा, लहान-मोठा झाला की ओठ आणि आवाज सुटले. फिल्मच्या काठाची चार भोकं म्हणजे एक चौकट. एक-दोन चौकटींनी कोणाला कळत नाही, चार-पाच चुकल्या की कळतं. हिंदी सिनेमात असं झालं की लगेच शिट्ट्या येतात. डब सिनेमात येत नाहीत, कारण 'डब असाच असते' असं पब्लिकनं धरलेलं असतं. त्यामुळं कित्येक ऑपरेटर डब सिनेमाला लूप मोजतच नसत. दोष मशीनचा आणि नाव डबिंगवाल्याचं, असं वर्षानुवर्षं चाललं.

आणखी एक. आवाज सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो. पटांगणात ३० मीटर मागं बसलेल्याला तो दोन चौकटी उशिराच पोचतो. म्हणजे सगळ्यात मागं विडी ओढत बसलेल्यासाठी जगातला प्रत्येक सिनेमा थोडा डबच असतो.

मूळ आर्वीचा, मुंबईत डबिंगचे संवाद लिहितो

वरच्या काकांना नमस्कार. लूपचा दोष आमच्या नावावर लागला हे आज कळलं.

डबिंगच्या संवादाला भाषांतर म्हणू नका, ते मापाचं शिवणकाम आहे. आधी सिनेमाची इंग्रजी संवादयादी येते, प्रत्येक वाक्याला वेळेचा आकडा असतो. लिहिणारा चित्र पुढंमागं करत तीन गोष्टी पाहतो: वाक्य किती लांब, मधे श्वास कुठं, आणि ओठ कुठं मिटले. प, फ, ब, भ, म या अक्षरांना ओठ मिटतात. बाकी अक्षरं तोंडात कुठंही झाली तरी पडद्यावर फारशी दिसत नाहीत. म्हणून सगळं जुळवत बसायचं नसतं, मिटलेले ओठ आणि वाक्याचा शेवट एवढं जुळलं की माणूस फसतो.

एक वाक्य घेऊ. नायक ओरडतो, 'वी हॅव टू मूव्ह, नाऊ!' सरळ हिंदी होईल 'हमें अभी यहाँ से जाना होगा'. अर्थ बरोबर, पण दुप्पट लांब, आणि शेवटी 'होगा' म्हणून तोंड उघडं राहतं. पडद्यावर तर 'नाऊ'ला ओठ गोल झालेत. आता 'यहाँ से भागो, चलो!' म्हणून पाहा. 'मूव्ह'च्या म ला ओठ मिटतात तिथं 'भागो'चा भ आला, 'नाऊ'च्या गोल ओठांवर 'चलो'चा ओ बसला. 'अभी'चा अर्थ गेला? गेला. पण ज्या आवाजात 'चलो' म्हटलंय त्यात तो आहेच.

ही मोजणी चेहरा समोर असेल तेव्हाच. पात्र पाठमोरं आहे, हेल्मेट घातलंय, गाडीत आहे, किंवा कॅमेरा ऐकणाऱ्यावर आहे, तिथं लेखक मोकळा. आणि धागाकर्त्याच्या प्रश्नाचं खरं उत्तर या मोकळ्या जागांत आहे. इंग्रजीत तिथं पात्र गप्प असेल किंवा 'ओके' म्हणेल. हिंदीत आम्ही भरतो: 'मतलब वो चिप अब उसके पास है, और हमारे पास सिर्फ बीस मिनट!' उशिरा आलेल्याला, जेवता जेवता पाहणाऱ्याला, जाहिरातीनंतर परत आलेल्याला अर्ध्या वाक्यात सगळी गोष्ट कळते. इंग्रजी जाणणारे याला बडबड म्हणतात. ही बडबड काढून टाकली तर गावातला निम्मा प्रेक्षक मध्यंतरापर्यंत हरवेल.

मारामारीतली 'हं', 'आह', पडल्यावरची कण्हणी यांना एफर्ट्स म्हणतात, आणि ती सगळ्यात शेवटी रेकॉर्ड करतात. घसा बसतो ना. आधी केली तर संवादाला आवाजच उरत नाही. स्टुडिओकडून संगीत आणि बाकीचे आवाज यांचा बिनसंवादाचा ट्रॅक वेगळा येतो, त्यावर हिंदी बसवायचं. हा ट्रॅक नीट नसेल तर काय होतं ते घरी ओळखता येतं: हेलिकॉप्टर घरघरतंय, कोणी बोलायला लागलं की घरघर एकदम खाली जाते, बोलणं संपलं की परत येते. म्हणजे संवाद मूळ आवाजावरच चिकटवलेत. स्वस्तातलं काम.

मैलाचे किलोमीटर करावेत का यावर आमच्यात वाद असतो. 'दस मील' लोकांना चालतं. फॅरनहाइट मात्र चालत नाही; 'एक सौ चार डिग्री बुखार' ठीक, पण हवेला '१०४ डिग्री' म्हटलं की ऐकणारा दचकतो, म्हणून 'चालीस' करतात. पौंडाचे किलो करताना आकडा लहान होतो आणि दरारा जातो, तिथं सरळ 'टनों' लिहून मोकळं व्हायचं. विनोदांचं तर विचारूच नका. मूळ विनोद तिकडच्या एखाद्या टीव्ही कार्यक्रमावर असतो, तो टाकून नवा लिहावा लागतो, आणि समोरचं पात्र त्याच सेकंदाला हसलं पाहिजे. शिव्यांचं वेगळंच: डब आवृत्तीला सेन्सॉरचं स्वतंत्र प्रमाणपत्र लागतं. म्हणून 'कमीने' आणि 'तेरी तो' यांच्यावर अर्धी इंडस्ट्री जगते.

अर्जुनी मोरगाव, शाळामास्तर

भाषेचं थोडं माझ्याकडून. विदर्भ १९५६ पर्यंत हिंदी मुलखाबरोबर एकाच प्रांतात होता, राजधानी नागपूर. बाजारात, रेल्वेत, ठेकेदाराशी हिंदी बोलायची सवय जुनी आहे. आमच्या झाडीपट्टीला तर बालाघाट शेजारीच. घरी गोंडी बोलणाऱ्यालाही बाजारात हिंदी भेटतेच. तेव्हा पुस्तकी मराठीपेक्षा ही हिंदी पुष्कळांना सोपी जाते, हे कोणाला आवडो न आवडो.

पण फसवे शब्द आहेत आणि ते मुलांना सांगावे लागतात. गुरू नायकाला म्हणतो, 'तुम्हारी शिक्षा पूरी हुई'. मराठी पोराला वाटतं, सुटला बिचारा तुरुंगातून. 'कोई आपत्ति?' म्हणजे काही हरकत आहे का. आपल्याला वाटतं पूर आला. 'युद्ध अभ्यास' म्हणजे पुस्तक वाचणं नव्हे, कवायत. 'चेष्टा' म्हणजे प्रयत्न. 'संशोधन' म्हणजे दुरुस्ती. शास्त्रज्ञ 'योजना में संशोधन' म्हणतो तेव्हा त्यानं काही शोधून काढलेलं नसतं. चांगला संवादलेखक हे शब्द मारधाडपटात टाळतो आणि 'ट्रेनिंग', 'प्रॉब्लेम', 'प्लॅन' घालतो. तिथं शुद्ध हिंदीपेक्षा इंग्रजी शब्दच गावाला जवळचा.

आर्वीच्या भाऊंना एक विचारतो: उर्दू शब्द कमी करता येत नाहीत का? 'तहखाना' (तळघर), 'बख़्तरबंद' (चिलखती) हे सातवीच्या पोराला कळत नाहीत.

मूळ आर्वीचा

मास्तर, 'तहखाना'ला 'बेसमेंट' केलं तर तो ऑफिसमधला वाटतो, त्यात भुताचा वास राहत नाही. 'बख़्तरबंद' सोडायला तयार आहे.

देऊळगाव राजा, केबलचा धंदा

तक्रारींपैकी 'पिक्चर इंग्लिशमधे येऊन रायला' ही आमची रोजची. दहातल्या आठ वेळा चॅनेल बरोबर असतो, बॉक्सची भाषा बदललेली असते. काही चॅनेल एकाच चित्रावर दोन-तीन भाषांचे आवाज पाठवतात. रिमोटवर 'लँग' किंवा 'ऑडिओ' बटण असतं, ते एकेकदा दाबून तीन सेकंद थांबायचं. पोरं घाईत सात वेळा दाबतात आणि फिरून इंग्रजीवरच येतात. काही बॉक्स शेवटची भाषा लक्षात ठेवतात. कार्टूनला तमिळ लागलं की सिनेमालाही तमिळ. मेनूत 'डीफॉल्ट ऑडिओ' असेल तर तिथं हिंदी कायम करून टाका.

१ फेब्रुवारी २०१९ पासून चॅनेल निवडून घ्यायची पद्धत आली. त्या वेळी शंभर चॅनेलांना १३० रुपये होते, जीएसटी धरून १५३ रुपये ४० पैसे, पे चॅनेलचे पैसे त्यावर वेगळे. तेव्हा आमच्याकडे लोकांनी सगळ्यात आधी कापले ते इंग्रजी सिनेमांचे चॅनेल. डब सिनेमे हिंदी चॅनेलवर येतातच, मग दोनदा पैसे कशाला.

कारंजा, छत्रीवाला

फ्री डिशवाल्यांसाठी, म्हणजे दूरदर्शनची बिनभाड्याची छत्री असलेल्यांसाठी. उपग्रह जीसॅट-१५, ९३.५ अंश पूर्वेला. आपल्या वऱ्हाड-वर्धा पट्ट्यातून तो आग्नेयेला दिसतो: होकायंत्रावर उत्तरेपासून साधारण १४२ अंश, आणि जमिनीपासून ६० अंश वर. छत्रीचं तोंड तेवढं वर वाटत नाही, कारण ती ऑफसेट, म्हणजे सिग्नल तिरका झेलणारी असते. पाहून फसू नका, मीटर लावा. आग्नेयेला आंबा किंवा कडुनिंब असेल तर उन्हाळ्यात बसवलेली छत्री पावसाळ्यात पालवी वाढली की जाते. केबल एलएनबीतून (छत्रीपुढच्या सिग्नल पकडणाऱ्या डबीतून) निघाल्यावर खाली एक वळसा द्या, नाहीतर पाणी तारेवरून सरळ कनेक्टरात. बॉक्स घेताना एमपेग-४ (चित्र दाबून पाठवायची नवी पद्धत) वाला घ्या. जुन्या एमपेग-२ बॉक्सला सगळे चॅनेल लागत नाहीत.

उमरखेड, मोबाइल शॉपी

एकेकाळी मेमरी कार्ड भरून देणं हा दुकानाचा अर्धा गल्ला होता. तो चोरीचाच माल होता, सारवासारव करत नाही. आज लोक स्वतःच फायली घेऊन येतात आणि 'टीव्हीवर चालून नाही राहिला' म्हणतात. कारणं ठरलेली आहेत.

एक, पेन ड्राइव्ह फॅट-३२ मधे फॉरमॅट केलेला असेल तर ४ जीबीपेक्षा मोठी एक फाइल त्यात जातच नाही. लोक ३२ जीबीची पेन ड्राइव्ह दाखवतात, 'जागा आहे ना भाऊ'. जागा आहे, पण एका फाइलीची मर्यादा आहे. एक्सफॅट केला तर जाते, मात्र जुना टीव्ही एक्सफॅट वाचत नाही. दोन, चित्र दिसतं आणि आवाज नाही: आवाज डीटीएस किंवा डॉल्बी पद्धतीनं भरलेला आहे आणि टीव्हीला तो उलगडता येत नाही. आवाज एएसी या साध्या पद्धतीत बदलून घ्यायचा. चित्राला हात लावायची गरज नाही, पाच-दहा मिनिटांचं काम. तीन, आवाज आहे, चित्र नाही किंवा अडखळतं: चित्र एचईव्हीसी १० बिट या नव्या पद्धतीनं दाबलेलं असतं. जुन्या टीव्हीला इलाज नाही.

आता ओठ न जुळण्याचं, कारण इथंच सगळे चुकतात. फरक दोन जातीचे. सुरुवातीला जेवढा फरक तेवढाच शेवटी, तर सोपं: कॉम्प्युटरवर व्हीएलसी प्लेअरमधे के दाबलं की आवाज ५० मिलिसेकंद मागं जातो, जे दाबलं की पुढं येतो. ओठांच्या आधी आवाज आला तर के. पण फरक वाढत जात असेल तर के दाबून बोटं झिजतील. तिथं वेगच वेगळा असतो. सिनेमाचा वेग सेकंदाला २४ किंवा २३.९७६ चौकटी, टीव्हीच्या पाल पद्धतीचा २५. २४ आणि २३.९७६ यांची गल्लत झाली तर तासाला ३.६ सेकंदांचा फरक पडतो, म्हणजे पहिली दोन-तीन मिनिटं कोणाला कळतही नाही. टीव्हीवरून घेतलेला २५ चा हिंदी आवाज २४ च्या चित्रावर चिकटवला असेल तर मिनिटाला अडीच सेकंद, आणि नायकाचा आवाज किंचित पोरासारखा. असा आवाज लांबी बदलून, पुन्हा ताणूनच बसवावा लागतो.

धागाकर्ता

वा. म्हणजे 'आवाज पोरासारखा' हे डबिंग आर्टिस्टचं पाप नाही, चार टक्क्यांचं आहे.

तिवसा तालुका, मंडपवाला

पटांगनातल्या शोचं आयका राजेहो.

पडदा बारा फूट रुंद, पावनेसात फूट उंच. जाड पांढरं कापड घ्या, जोड आडवा द्या. उभा जोड देसान तं थो बरोबर हिरोच्या नाकावर येते. मांगून काया कपडा लावा, नाई तं उजेड आरपार जाते अन् चित्र फिक्कं पडते. वर-खाली पाइप घाला. बाजूनं दोरीनं बांधू नका. सायकलच्या जुन्या ट्यूबचे पट्टे कापा अन् त्यानं बांधा. वारा आला की ट्यूब तानते, मंग वापस येते. दोरी तानत नाई, कापड फाटते. खालचा काठ जमिनीपासून चार फूट. लोकं सतरंजीवर बसते, पन मदात एखांदा फेटेवाला बसतेच.

प्रोजेक्टर तीन हजार लुमेनचा या पडद्याले पुरते. पडद्याच्या रुंदीच्या दीडपट अंतरवाला असन तं अठरा फुटावर मांडा. जनरेटर दोन केव्हीएचा झाला, पन साठ फूट दूर अन् भिंतीआड. जवय ठेवला तं हिरो बोलते का जनरेटर बोलते समजत नाई. अन् त्याच लाइनीवर हॅलोजन लावू नका. कोनी हॅलोजन चालू केला की व्होल्टेज पडते, प्रोजेक्टर बंद होते, बल्ब गरम हाय म्हनून लवकर सुरू होत नाई, अन् तवरोक पब्लिक तुमच्या खानदानाचा उद्धार करते. घरचा साधा ६०० व्हीएचा यूपीएस मदात टाका. पाच मिनिटं धरते, तेवढेच लागते.

आता मेन. आवाज. डीजेचे डबे आनू नका. बास येवढा रायते की गोयी आयकू येते, डायलॉग नाई. भोंग्यात बास नसते, स्फोट डब्ब्यावानी वाजते, पन बोलनं गावच्या येशीपर्यंत समजते. आमाले बोलनं पायजे. दोन बॉक्स अन् दोन भोंगे मिळून लावा, बास अर्ध्याच्या खाली ठेवा. सारे पडद्याच्या बाजूलेच ठेवा, मांगं नेऊ नका. मांगं नेले तं पुढच्यायले दोनदोनदा आयकू येते.

अन् एक घोळ लय होते. सिनेमाचा आवाज पाच-एकचा, म्हंजे सहा चॅनेलचा असते. बोलनं सारं मधल्या चॅनेलात. तुमी अॅम्प्लिफायरले फक्त डावा-उजवा जोडला तं संगीत येते, गाड्या येते, मानसं मुकी! लोकं म्हनते डबिंग खराब हाय. डबिंग खराब नाई, मधला चॅनेल हवेत गेला. लॅपटॉपात आवाज स्टेरिओ करा, पीसीएम (न दाबलेला साधा आवाज) करा, मंग जोडा.

पावसाळ्यात पाखरं पडद्यावर बसते. पन्नास फुटावर एक पांढरा बल्ब लावा, खाली परातीत पानी. पाखरं तिकडं जाते.

वर्धा, कागदपत्रं पाहणारा

मंडपवाल्या भाऊंचं सगळं ठीक, पण दोन ओळी जोडतो. पेन ड्राइव्हवर सिनेमा असणं म्हणजे तो चौकात दाखवायचा हक्क असणं नव्हे. हक्कधारकाकडून सार्वजनिक खेळाची परवानगी वेगळी घ्यावी लागते, फुकट दाखवलात तरी. ध्वनिप्रदूषणाच्या २००० सालच्या नियमांनुसार उघड्यावर रात्री १० नंतर भोंगे बंद. सणासुदीला राज्य सरकार वर्षातले जास्तीत जास्त १५ दिवस रात्री १२ पर्यंत सूट देऊ शकतं. म्हणून ८ ला सुरू करा. दोन तासांचा डब सिनेमा १० ला बरोबर बसतो, तीन तासांचा हिंदी बसत नाही. आणि प्रमाणपत्र पाहा: मारधाडपटांत पुष्कळ 'ए' (फक्त प्रौढांसाठी) असतात, ते पोराटोरांसमोर दाखवता येत नाहीत. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए (पालकांच्या देखरेखीत पाहायच्या) प्रमाणपत्रामधे ७, १३ आणि १६ वर्षं असे तीन टप्पे झालेत.

मूल, जिल्हा चंद्रपूर (लिहिणारी बाई आहे, 'भाऊ' म्हणू नये)

सगळे पडदा आणि भोंग्यावर बोलतायत. घरात टीव्हीकडे पाठ करून सिनेमा 'पाहणारे' मोजले तर तेच जास्त निघतील. तांदूळ निवडताना, भाकरी थापताना, तुरीची डाळ पाखडताना डोळे हातावर असतात. ओरिजनल इंग्लिश अशा वेळी निव्वळ धडामधुडूम आहे. हिंदी असेल तर पाठीमागं काय चाललंय ते कळतं. आर्वीच्या भाऊंच्या 'भरलेल्या' वाक्यांचा फायदा सगळ्यात जास्त आम्हाला.

सेटिंग सांगते. टीव्हीच्या आवाजात 'सराउंड' असेल तर बंद करा. त्यानं बोलणं पसरतं आणि पातळ होतं. 'क्लिअर व्हॉइस' किंवा 'स्पीच' असेल तर चालू. 'ऑटो व्हॉल्यूम' चालू ठेवलं की कुजबूज आणि स्फोट यांतलं अंतर कमी होतं, जाहिरातीही अंगावर येत नाहीत. टीव्ही भिंतीला अगदी चिकटवू नका, पुष्कळ टीव्हींचे स्पीकर मागं किंवा खाली असतात. मिक्सर चालू असेल तर काहीच उपयोग नाही, तेवढी दोन मिनिटं कथानक सोडून द्यायचं.

आवाज ओळखायची सवय लागली की गंमत आहे. जंगल बुकचा २०१६ चा हिंदी शेरखान नाना पाटेकरांचा, आणि १९९३ च्या दूरदर्शनवरच्या मालिकेतलाही त्यांचाच. चित्र न पाहता वाघ आला हे कळायचं.

दर्यापूर

सबटायटल लावून मूळ इंग्रजीत पाहा, असा सल्ला पुतणे मंडळी देतात. बत्तीस इंची टीव्ही, दहा फुटांवर खाट, अक्षरं मुंगीएवढी, आणि पाठलागाच्या दृश्यात दोन ओळी तीन सेकंदांत जातात. चाळिशीनंतर चित्र तरी पाहा नाहीतर अक्षरं तरी. झालं.

मंगरूळपीर

आर्वीचे भाऊ, येक इचारतो. येकाच पिक्चरमदी हिरोचा आवाज मदातच बदलते, दोन मिनिटानं वापस पह्यल्यासारखा होते. थे काहून?

मूळ आर्वीचा

दोन-तीन कारणं असतात भाऊ. टॉकीजसाठी एक डबिंग होतं आणि पुढं टीव्हीचे हक्क दुसऱ्यानं घेतले तर तो कधीकधी नव्यानं, दुसऱ्या आवाजात करून घेतो. कोणी दोन्ही जोडून फाइल बनवली असेल तर आवाज बदलणारच. दुसरं, सिनेमाची लांब आवृत्ती नंतर निघते, तिच्यातली वाढीव दृश्यं आधी डब झालेलीच नसतात. ती मागाहून करायला घेतली तेव्हा आधीचा आवाजवाला मोकळा नव्हता. तिसरं, सेन्सॉरसाठी एखादं वाक्य बदलायचं असतं आणि प्रदर्शन उद्यावर आलेलं असतं, मग जो हाताशी असेल त्याचा आवाज.

ओळखायची खूण: फक्त हिरोचाच आवाज बदलला आणि मागचा आवाज तोच राहिला, तर वाक्य नंतर बदललंय. सगळ्यांचे आवाज बदलले आणि संगीताचा पोतही बदलला, तर दोन आवृत्त्या जोडल्यात. आणि मधलं दृश्य सरळ इंग्रजीतच आलं, तर ते वाढीव आहे आणि कोणी डब करायच्या फंदातच पडलेलं नाही. तिथं रिमोटचं 'लँग' बटण दाबत बसू नका.